उलट उत्तर

नरकचतुर्दशीच्या पहाटे अभ्यंगस्नान उरकले की तुळशीपुढे पायाच्या अंगठ्याने कारीट फोडायचे, त्याचा कडू रस जिभेला लावायचा आणि मगच फराळाला बसायचे, अशी आमच्या कोकणात रीत आहे. दिवाळी अंकांच्या संपादकांना ही रीत चांगली ठाऊक असते. कथा, कविता, व्यंगचित्रे आणि वार्षिक राशिभविष्य यांच्या चकल्या-करंज्यांत ते एखादा कडू लेखही हळूच ठेवून देतात. यंदा कारीट होण्याचा मान माझ्याकडे आला आहे. घरातल्या वडीलधाऱ्यांनी आधीच क्षमा करावी. आणि घरातल्या मुलींनी, आई हाक मारीत असली तरी, हा लेख संपवूनच उठावे.

विषय एका अमेरिकन कवयित्रीचा आहे, आणि तोही हिप-हॉपचा! ‘मास्तर, तुमचा आणि त्या धांगडधिंग्याचा संबंध काय?’ असे तुम्ही विचाराल. प्रश्न रास्त आहे. मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला माणूस. एका लहान खाजगी शाळेत मराठी शिकवतो, उरलेल्या वेळात कादंबऱ्या लिहितो. माझी पुतणी सुटीत घरी आली असताना तिने मोबाइलवर मला एक कविता ऐकवली. ठेका होता, मागे वाद्ये होती, पण गाणे नव्हते. एक बाई बोलत होती. पहिल्या खेपेला मला दहातले दोन शब्द कळले. आवाजाची जात मात्र लगेच कळली. पदर खोचून अंगणात उभी राहणारी आणि समोरच्याचेच शब्द वेचून त्याच्या तोंडावर परत फेकणारी बाई मी आमच्या वाडीत पाहिली आहे. हा तोच आवाज होता. पुढच्या चार संध्याकाळी शब्दकोश मांडीवर घेऊन मी ती कविता समजून घेतली. तिच्यामागची हकीकत कळली तेव्हा मात्र माझी झोप उडाली. का उडाली, ते ओघाने येईलच.

त्या बाईचे नाव सारा जोन्स. जन्म १९७३ चा, बाल्टिमोर शहरातला. योगायोग पाहा, हिप-हॉपचा जन्मही त्याच सालातला मानतात. ११ ऑगस्ट १९७३ रोजी न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात, सेजविक अ‍ॅव्हेन्यूवरील १५२० क्रमांकाच्या इमारतीत एक समारंभ झाला. जमैकाहून आलेल्या कुटुंबातल्या सिंडी कॅम्पबेल या मुलीला शाळा सुरू होण्याआधी नवे कपडे घ्यायचे होते आणि पैसे नव्हते. तिने इमारतीतला सामायिक हॉल घेतला, हाताने लिहिलेली आमंत्रणे वाटली आणि प्रवेशमूल्य ठेवले: मुलींना २५ सेंट, मुलांना ५०. तबकड्या वाजवायला तिने आपल्या भावाला बसवले. हा भाऊ म्हणजे कूल हर्क. त्याने दोन तबकड्यांवरून ठेक्याचा तेवढाच तुकडा लांबवत नेला, त्या ठेक्यावर लोक नाचले, बोलले, आणि एका नव्या कलेचा पाळणा हलला. भावाचे नाव इतिहासात ठळक अक्षरांत गेले. जिने हॉल घेतला, तिकिटे लावली आणि पाहुणे जमवले ती बहीण पुष्कळ दिवस तळटिपेत राहिली. भाऊबीज जवळ आली आहे म्हणून हे मुद्दाम सांगितले.

पुढे ही कला वाढली, बाजारात आली, आणि बाजारात जे होते ते झाले. गरीब वस्तीचे दुःख सांगणारी गाणी होती, तशी बाईच्या देहाचा लिलाव मांडणारीही निघाली. खप दुसऱ्या जातीच्या गाण्यांना भरपूर मिळाला. पण बायका गप्प बसल्या नाहीत. १९८४ साली रॉक्सॅन शान्टे या १४ वर्षांच्या मुलीने पोरांच्या एका गाण्याला असे झणझणीत उत्तर दिले की ते गाजले. १९९३ साली क्वीन लतिफाने बाईला शिवीने हाक मारणाऱ्यांना भर गाण्यात जाब विचारला. त्या धंद्यात अशा गाण्याला ‘आन्सर रेकॉर्ड’ म्हणतात. म्हणजे उत्तराची ध्वनिमुद्रिका. कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब ऐकलेल्या मराठी माणसाला यात नवल वाटायला नको. सवाल आला तर जवाब हवाच. न देणारा शाहीर फड हरतो.

सारा जोन्स या परंपरेतली. पण ती गायिका म्हणून आली नाही, बोलणारी म्हणून आली. न्यूयॉर्कमध्ये ‘न्यूयोरिकन पोएट्स कॅफे’ नावाची जागा आहे. पोर्तोरिकोहून आलेल्या कवींनी ती १९७३ सालीच मिगेल अल्गारिन यांच्या राहत्या घरी सुरू केली. तिथे कवितांचे फड रंगतात. कवीने कागद बाजूला ठेवून कविता बोलायची, आणि श्रोत्यांतूनच निवडलेल्या पंचांनी दहापैकी गुण द्यायचे. १९९७ साली तिथली मोठी स्पर्धा सारा जोन्सने जिंकली.

मी ऐकली ती कविता म्हणजे ‘युवर रिव्होल्यूशन’. तिचा घाट गिल स्कॉट-हेरन या कवीच्या १९७० सालच्या एका प्रसिद्ध कवितेवरून घेतलेला आहे. त्याने काळ्या समाजाच्या क्रांतीविषयी लिहिले होते. सारा त्याच समाजातल्या पुरुषांना विचारते की, तुम्ही क्रांतीच्या गप्पा मारता आणि गाण्यांत आम्हाला भोगवस्तू करता, ही कसली क्रांती? हे विचारताना ती गाजलेल्या गाण्यांतले शब्द आणि वाक्प्रचार एकेक करून उचलते, आणि उलटे करून परत करते. ते शब्द शिष्टसंमत नाहीत, हे मी आधीच कबूल करतो. मी ती कविता चौथीच्या वर्गात शिकवणार नाही. पण ते शब्द तिचे नव्हते, हे विसरू नका. ते बाजारात लाखांनी खपले होते, नभोवाणीवर वाजत होते, रस्त्यावरच्या पोरांच्या तोंडी होते. तिने फक्त ते मालकाच्या दारात नेऊन टाकले.

१९९९ साली डीजे वादिम या संगीतकाराच्या ध्वनिमुद्रिकेत ही कविता आली. त्याच वर्षी ऑक्टोबर महिन्यात, ऑरेगन राज्यातल्या पोर्टलंड शहरी केबू या नभोवाणी केंद्राने ती संध्याकाळच्या कार्यक्रमात लावली. हे केंद्र धंदेवाईक नाही. १९६८ पासून श्रोत्यांच्या वर्गणीवर आणि स्वयंसेवकांच्या श्रमावर चालते. आपल्याकडच्या सार्वजनिक वाचनालयासारखे समजा. तक्रार झाली. आणि मे २००१ मध्ये अमेरिकेच्या सरकारी दळणवळण आयोगाने, म्हणजे फेडरल कम्युनिकेशन्स कमिशनने, या केंद्राला ७,००० डॉलर दंड ठरवला. गुन्हा: असभ्य मजकुराचे प्रसारण.

वाचकहो, इथे जरा थांबा आणि नीट पाहा. बाईची विटंबना करणारी गाणी बाजारात होती. त्या विटंबनेचा निषेध करणारी कविता असभ्य ठरली. चोर सुटला, आणि ‘चोर, चोर’ म्हणून ओरडणारीला शांतताभंगासाठी पकडले!

आता प्रतिपक्षाचे म्हणणे ऐकू. मी मास्तर आहे. दुसरी बाजू न ऐकता निकाल दिला तर माझेच विद्यार्थी मला हसतील.

पहिला आक्षेप मुलांचा. नभोवाणी घरात येते, दार न ठोठावता येते, आणि लहान मूल ऐकत असते. हा आक्षेप खोटा नाही. १९७३ साली एका नभोवाणी केंद्राने जॉर्ज कार्लिन या विनोदी नटाची शिवराळ ध्वनिमुद्रिका भर दुपारी लावली. मोटारीत मुलाबरोबर बसलेल्या एका बापाने तक्रार केली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९७८ साली न्यायालयाने आयोगाचा अधिकार मान्य केला. तेव्हापासून असे प्रसारण करायचे तर ते मुले झोपल्यावर, हा रिवाज पडला. रात्री १० ते सकाळी ६ ही मोकळीक. मला यात काही वावगे दिसत नाही. पण अर्थ आणि रोख न पाहता नुसते शब्द मोजून मुलांचे रक्षण होत नाही. खुद्द आयोगाने एप्रिल २००१ मध्ये एक लांबलचक निवेदन काढून सांगितले होते की शब्द सुटे पाहू नयेत, सगळा संदर्भ पाहावा. आणि पुढच्याच महिन्यात हा दंड! भाषणातला उपदेश घरी पोहोचण्याआधी विसरणारे पुढारी आपल्याकडेच असतात असे मला वाटे; माझा तो गैरसमज दूर झाला.

दुसरा आक्षेप शुचितेचा. ‘घाणीशी लढायला घाण कशाला हवी? चिखलात दगड मारला की शिंतोडे आपल्याच अंगावर उडतात.’ हे वाक्य मी जन्मभर ऐकत आलो आहे, आणि माझ्या असे लक्षात आले आहे की ते नेहमी दगड मारणाऱ्याला सांगितले जाते. चिखल करणाऱ्याला कोणी सांगत नाही. जिला रस्त्यात शिवी ऐकावी लागते तिने फिर्याद करताना कोणते शब्द वापरायचे? ‘त्याने मला काहीतरी म्हटले’ असे ती म्हणाली तर चौकीवरचा हवालदार विचारतो, ‘काहीतरी म्हणजे काय?’ आणि नेमके काय ते तिने सांगितले तर घरचेच म्हणतात, ‘हे शब्द तुझ्या तोंडी आलेच कसे?’ दोन्हीकडून तिचे तोंड बंद.

तिसरा आक्षेप कायद्याच्या समदृष्टीचा. कायदा आंधळा असतो, त्याला बाई-पुरुष दिसत नाही, म्हणतात. बरे. मग ही दोन पंचांगे शेजारी ठेवा. जून २००१ मध्ये याच आयोगाने कोलोरॅडो राज्यातल्या एका धंदेवाईक केंद्राला एमिनेम या जगप्रसिद्ध गायकाचे गाणे, तेही शब्द गाळलेल्या रूपात, लावल्याबद्दल दंड ठरवला. रक्कम तीच, ७,००० डॉलर. तो दंड जानेवारी २००२ मध्ये मागे घेतला गेला. सात महिने लागले. सारा जोन्सच्या कवितेवरचा डाग निघायला लागले २१ महिने. एमिनेमचे गाणे बंद व्हावे असे मला मुळीच म्हणायचे नाही. दंड उठला ते योग्यच झाले. पण दोन्ही प्रकरणांत सरकारी कारणे काही असोत, महिने मोजायला वकील लागत नाही.

आणि या २१ महिन्यांत आणखी एक गंमत झाली. दंड केंद्राला झाला होता, कवयित्रीला नाही. त्यामुळे जिच्या कवितेवर असभ्यतेचा शिक्का बसला, तिला आयोगापुढे बोलायला जागाच नव्हती! पत्रव्यवहार आयोग आणि केंद्र यांच्यात. मधल्या मध्ये इतर केंद्रांनीही घाबरून ती कविता बाजूला ठेवली. एखाद्या मुलीचे नाव गावात बदनाम करावे, तिच्या बापाला नोटीस पाठवावी, आणि मुलगी बोलायला आली तर ‘तुझा काय संबंध?’ म्हणून विचारावे, तसलाच हा प्रकार.

सारा जोन्सने काय केले? रडगाणे गायले नाही. जानेवारी २००२ मध्ये तिने न्यूयॉर्कच्या संघीय न्यायालयात खुद्द आयोगावर दावा लावला. सेप्टेंबरमध्ये न्यायालयाने दावा काढून टाकला. कारण काय, तर आयोगाचा निर्णय अजून अंतिम नाही. म्हणजे डाग पक्का, पण निर्णय कच्चा! घोंगडे भिजत पडले. ती वरच्या न्यायालयात गेली. तिथे निकाल लागण्याआधीच, फेब्रुवारी २००३ मध्ये, आयोगाने आपण होऊन माघार घेतली: साकल्याने आणि संदर्भासह पाहता कविता असभ्य ठरत नाही, असे त्याला आता दिसले. माघारीच्या आदेशात एक गोष्ट नोंदली होती, ती मी दोनदा वाचली. ही कविता म्हणून दाखवायला शाळांनी सारा जोन्सला बोलावले होते. म्हणजे ज्या मुलांचे कान वाचवायचे म्हणून दंड, त्याच वयाच्या मुलांपुढे शाळेतले शिक्षक तिला मानाने उभे करीत होते. त्या शिक्षकांची नावे मला ठाऊक नाहीत. असती तर मी त्यांना या अंकाची एक प्रत पाठवली असती, आणि पत्रात काय लिहिले असते ते पुढे कळेल.

कोणी म्हणेल, मग झाले ना गोड? बाई जिंकली, दंड उठला, गंगेला घोडे न्हाले. आपण या गोड शेवटांना फार लवकर भुलतो. दोन वर्षे एका कलावंताच्या उमेदीतून वकिलांच्या कचेरीत गेली. आणि नमुना पडला तो पडलाच: एका तक्रारीने कविता किती काळ अडवता येते, हे सगळ्यांना कळले.

तिचे पुढचे आयुष्य मात्र या खटल्यात अडकून पडले नाही, हे सांगायला मला आनंद वाटतो. लक्ष्मण देशपांडे एकट्याने ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ उभे करीत, ते ज्यांनी पाहिले आहे त्यांना तिची कला चटकन कळेल. ती एकपात्री प्रयोग करते. २००० साली ‘ईक्वॅलिटी नाऊ’ या संस्थेसाठी तिने असा एक प्रयोग रचला, त्यात निरनिराळ्या देशांतल्या बायका आपापल्या देशातल्या अन्याय्य कायद्यांची कैफियत मांडतात. २००४ साली तिचा ‘ब्रिज अँड टनेल’ रंगमंचावर आला. निर्मात्यांत मेरिल स्ट्रीप ही थोर अभिनेत्री होती. न्यूयॉर्कच्या एका उपनगरात परदेशातून आलेले साधे लोक कवितावाचनाला जमले आहेत, आणि सूत्रसंचालन करतो आहे एक पाकिस्तानी हिशेबनीस! ही सगळी माणसे सारा एकटी उभी करते. कोट बदलला, उच्चार बदलला, की माणूस बदलला. २००६ साली हा प्रयोग ब्रॉडवेवर गेला आणि त्या वर्षी तिला विशेष टोनी पुरस्कार मिळाला.

ती देवी आहे असे मी म्हणत नाही. देहविक्रयाच्या प्रश्नावर तिने २०१६ साली एक नाट्यप्रयोग केला, आणि त्यावरचा चित्रपट २०२१ मध्ये जाहीर होताच त्या धंद्यातल्या काही बायकांनीच तिच्यावर झोड उठवली: आमची गोष्ट सांगणारी तू कोण? २०२२ साली चित्रपट आला तेव्हा त्या टीकेलाही तिने त्यात जागा दिली होती. माझ्या मते तिचा खरा मोठेपणा टोनीत नाही, इथे आहे. जिने स्वतः उलट उत्तर दिले तिने स्वतःला मिळालेले उलट उत्तर खोडले नाही. खोडणारे वेगळे असतात.

ते कसे असतात, हे पाहायला अमेरिकेला जायला नको. र. धों. कर्वे यांच्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकात वाचकांच्या प्रश्नांना सरळ उत्तरे दिली म्हणून त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ च्या खटल्यात त्यांचे वकील होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर, आणि तरीही कर्व्यांना दंड झाला. आपण ज्या दिवाळी अंकांचे एवढे कौतुक करतो, त्यांतल्या १९६२ सालच्या ‘रंभा’च्या अंकात चंद्रकांत काकोडकरांची एक कथा आली, ती अश्लील नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सांगायला १९६९ साल उजाडले. आणि हे पुरुष होते. त्यांना निदान आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहून बोलता आले. आपल्या आज्या-पणज्यांनी सासरचा जाच, नवऱ्याचा मार, सगळे ओव्यांत बोलून ठेवले. पण पहाटे चार वाजता, जात्यापाशी. जात्याने तक्रार केली नाही, म्हणून त्या ओव्या टिकल्या.

आता माझी झोप का उडाली ते सांगतो. हे सांगणे सोपे नाही.

काही वर्षांपूर्वी आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी नववीतल्या एका मुलीने एक कविता लिहून आणली. एस.टी. थांब्यापासून शाळेपर्यंतच्या रस्त्यावर टपरीशी उभी असलेली पोरे मुलींना पाहून सिनेमाची गाणी म्हणतात. तिने त्या गाण्यांतले तुकडे घेतले होते, आणि प्रत्येक तुकड्यापुढे स्वतःचे उत्तर लिहिले होते. मीटर चुकले होते, शुद्धलेखन चुकले होते, पण काय उत्तरे होती! मी खूश झालो. तालीम सुरू झाली. तालमीला शाळेच्या कमिटीतले एक सद्गृहस्थ आले, त्यांनी ऐकले, आणि मला बाजूला घेऊन म्हणाले, “मास्तर, मुलीच्या तोंडी हे शब्द? पाहुणे काय म्हणतील?” मी वाद घातला नाही. माझी नोकरी त्यांच्या हातात होती. हे कारण आहे, सबब नाही. मी खिशातली लाल पेन्सिल काढली, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत एक तिरकी रेघ ओढली, आणि तिला म्हणालो, “आईवर एखादी छानशी कविता म्हण.” ती म्हणाली, “नको सर.” संमेलनाला ती श्रोत्यांत बसली.

त्याच संमेलनात दहावीच्या मुलांनी समूहनृत्य केले. गाणे कोणते? तिच्या कवितेत ज्याचा पहिलाच तुकडा होता, तेच. ‘वन्स मोअर’ मिळाला. प्रमुख पाहुण्यांनी ५०१ रुपयांचे बक्षीस जाहीर केले. टाळ्या मीही वाजवल्या.

दुसऱ्या दिवशी ती मधल्या सुटीत माझ्याकडे आली. रडत नव्हती. म्हणाली, “सर, त्यांचं गाणं चाललं, मग माझं उत्तर का नाही चाललं?”

मी तिला म्हणालो, “उलट उत्तर देऊ नकोस.”

वाचकहो, पोर्टलंडच्या त्या केंद्राला दंड ठरवणारा आयोग माझ्यापासून हजारो मैल दूर आहे, त्याला नावे ठेवणे मला फार सोपे गेले. चार पाने मी ते केले. पण त्या आयोगाने २१ महिन्यांनी का होईना, आपली चूक लिहून दिली. मी अजून दिली नव्हती. म्हणून हा लेख. अमेरिकेतल्या ज्या शिक्षकांनी ती कविता शाळेत म्हणवून घेतली त्यांना मी एवढेच लिहिले असते की, जे धैर्य मला शाळेच्या पंचवीस फूट रंगमंचावर दाखवता आले नाही, ते तुम्ही दाखवलेत.

आणि हे केवळ एका मास्तराच्या भित्रेपणाचे गाऱ्हाणे नाही. तुमच्या घरीही पाहा. दिवाळीत जावई-मेहुणे जमतात, बायकांवरचे जुने विनोद निघतात, सगळे हसतात. घरातल्या एखाद्या मुलीने त्यावर तितकेच धारदार काही सुनावले की एकदम शांतता पसरते आणि कोणीतरी म्हणते, “मोठ्यांपुढे कसं बोलावं हे शिकवलं नाही का हिला?” विनोद सभ्य, उत्तर असभ्य! आपण सभ्यता म्हणून जे जपतो ते पुष्कळदा फक्त पहिल्या बोलणाऱ्याचे संरक्षण असते. सभ्यता हवीच, पण तिचा दंडक पहिल्या शब्दाला लावा, दुसऱ्याला नव्हे. शिवी थांबवता येत नसेल तर निदान उत्तर थांबवू नका.

ती मुलगी आता परिचारिका आहे, ठाण्याकडे असते. मी तिला गेल्या महिन्यात पत्र लिहिले, क्षमा मागितली, आणि विचारले की तिची ती कविता या वर्षीच्या संमेलनात कोणा मुलीकडून म्हणवून घेऊ का. वही मी जपून ठेवली आहे. चार दिवसांनी तिचा फोन आला. रात्रपाळीवरून आली होती, आवाज दमलेला होता. म्हणाली, “सर, माझी नको. गाणीपण आता बदललीत. यंदाच्या मुलींना त्यांचं त्यांचं लिहू दे. तुम्ही फक्त पेन्सिल घरी ठेवून या.”

मी शाळेच्या फळ्यावर सूचना लावली आहे: संमेलनात स्वतःची कविता म्हणायची असेल त्यांनी नावे द्यावीत, कविता आधी तपासली जाणार नाही. सात नावे आली, सातही मुलींची. कमिटीने मला खुलासा विचारला आहे. सभा भाऊबीजेनंतरच्या रविवारी आहे. वयाच्या या टप्प्यावर, त्या सभेत, मला आयुष्यातले पहिले उलट उत्तर द्यावे लागेल असे दिसते.